डब्यात अडकलेले सिनेमे : पिएर एतेक्सची गोष्ट

आज ज्याच्याबद्दल बोलणार आहे, त्याला ऑस्कर मिळालंय. तरीही नाव सांगितलं तर बहुतेक जण म्हणतील, कोण हा? पिएर एतेक्स.

जन्म १९२८ चा, फ्रान्समधल्या रोआन गावातला. चित्रं काढायचा, विदूषकी करायचा. पॅरिसला आला आणि जाक तातीकडे कामाला लागला. तातीच्या १९५८ च्या ‘मों ओंक्ल’साठी त्याने विनोदाच्या जागा शोधल्या, दृश्यं रेखाटली, पोस्टरही काढलं. तिथेच मैत्री झाली जॉं-क्लोद कारिएरशी. होय, पीटर ब्रूकचं ‘महाभारत’ नाटक लिहिणारा तोच कारिएर!

दोघांनी मिळून लघुपट केले. त्यातल्या एकात नवरा लग्नाच्या वाढदिवसाला घरी निघालाय आणि पॅरिसच्या ट्रॅफिकमध्ये अडकलाय. बस, एवढीच गोष्ट. १९६३ मध्ये तिला ऑस्कर मिळालं.

मग आला १९६५ चा ‘योयो’. माझा सगळ्यात आवडता. सुरुवात १९२५ सालात, अगदी मूकपटासारखी. संवाद नाहीत, फक्त दारांची करकर वगैरे. १९२९ ची मंदी येते, श्रीमंत नायक कंगाल होतो आणि सिनेमा बोलायला लागतो. खऱ्या जगातही बोलपट त्याच सुमारास आले ना! एका बदलात दोन इतिहास सांगितले पठ्ठ्याने.

पण १९७१ मध्ये गाडी घसरली. ‘पेई द कोकान्य’ हा त्याचा माहितीपट, सुट्टीवर आलेल्या फ्रेंच लोकांवरचा. साध्या माणसांची टिंगल केली म्हणून समीक्षकांनी झोडपलं. त्याची दिग्दर्शनाची कारकीर्द जवळजवळ तिथेच थांबली. मग त्याने पत्नी ॲनी फ्रातेलिनीबरोबर १९७४ मध्ये सर्कसची शाळा काढली.

खरा घाव पुढे बसला. हक्कांच्या एका करारावरून वाद झाला आणि त्याचे सिनेमे दाखवणंच बंद पडलं. रिळं होती, माणूस जिवंत होता, पण त्याला स्वतःचं काम लोकांना दाखवता येईना. आम्ही सॉफ्टवेअरवाले रोज न वाचता ‘आय ॲग्री’ दाबतो, म्हणून मला हे जास्तच लागलं.

शेवटी ५०,००० हून जास्त लोकांनी सह्या केल्या, कोर्टकचेरी झाली, हक्क परत मिळाले. २०१० मध्ये सिनेमे दुरुस्त होऊन पुन्हा पडद्यावर आले. तेव्हा एतेक्स ८१ वर्षांचा होता. २०१६ मध्ये तो गेला, पण त्याआधी त्याचं काम पाहून हसणारी नवी पिढी त्याला बघायला मिळाली.

सिनेमा टिकतो तो नुसता चांगला असतो म्हणून नाही. कुणीतरी त्याच्यासाठी भांडावं लागतं. सुरुवात करायची तर ‘रुप्त्यूर’पासून करा. प्रेयसीला पत्र लिहू पाहणारा माणूस आणि त्याच्यावर उलटलेलं टेबलावरचं सगळं सामान. जेमतेम अकरा-बारा मिनिटांचा आहे. बघा आणि कसा वाटला ते कळवा. भेटू पुढच्या भागात!