अवलोकितेश्वर ते क्वान-यिन

दरवर्षी पावसाळ्यात आपल्या मंडळाच्या बैठकीत एक वाद ठरलेला असतो. मूर्ती कुमारटुलीच्या कारागिराकडूनच घ्यायची, पण तिचे डोळे दुर्गेसारखे कानापर्यंत गेलेले नकोत. गणपती 'आपला' दिसला पाहिजे. कारागीर मान डोलावतो आणि शेवटी हाताला जे वळण आहे तसेच डोळे काढतो. गेल्या वर्षी या वादात मीही तावातावाने बोललो होतो. यंदा गप्प बसलो. असे का झाले, असे दोघा-तिघांनी विचारले. त्याचे उत्तर जरा लांबचे आहे, म्हणून संपादकांच्या आग्रहाचा फायदा घेऊन ते इथेच देतो.

टिरेट्टा बाजारात रविवारी पहाटे मिळणारा चिनी नाश्ता आपल्यापैकी पुष्कळांनी चाखला असेल. तिथून जवळच, छत्तावाला गल्लीत, 'सी-इप' नावाचे चिनी मंदिर आहे. (इथल्या चिनी देवळांना सगळे 'चर्च' म्हणतात, हा खास कलकत्त्याचा खाक्या.) बेंटिंक स्ट्रीटवर चामडी बुटांचे दुकान चालवणारे एक वृद्ध चिनी गृहस्थ माझ्या बँकेतल्या दिवसांपासून ओळखीचे आहेत. एका रविवारी ते मला तिथे घेऊन गेले. उदबत्त्यांच्या धुरात एक शांत चेहऱ्याची देवी होती. "क्वान-यिन. हमारी माँ है," ते म्हणाले.

निवृत्तीनंतर माझे इतिहासाचे वाचन वाढले आहे, आणि त्याबरोबर दुसऱ्याला शिकवायची खोडही. मी लगेच सांगून टाकले की ही मूळची आमची. हा आमचा अवलोकितेश्वर. अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यात हातात कमळ घेतलेला तो राजबिंडा पद्मपाणी आहे, तोच हा. आणि तो पुरुष आहे. गृहस्थ हसले. "आपके यहाँ बेटा होगा. हमारे यहाँ आकर माँ बन गया."

मी घरी आलो तो हे वाक्य डोक्यात घेऊनच. आपण त्यांना बुद्ध दिला, त्यांनी तो घेतला, एवढाच इतिहास मी तोवर अभिमानाने सांगत आलो होतो. पुन्हा पुस्तके काढून बसलो तेव्हा लक्षात आले, की देणे-घेणे इतके सरळ झालेलेच नाही.

बौद्ध धर्म चीनमध्ये पोहोचला तो इसवी सनाच्या पहिल्या शतकाच्या सुमारास, मध्य आशियाच्या व्यापारी वाटांनी. त्या वेळी चीन हा काही कोरा कागद नव्हता. कन्फ्यूशियसची शिकवण तिथे घराघरांत मुरलेली होती आणि तिचा पाया होता मातृपितृभक्ती. शरीर हे आईवडिलांनी दिलेले, त्याला इजा करायची नाही. वंश चालवायचा, पितरांची पूजा खंडू द्यायची नाही. अशा समाजापुढे डोके भादरलेला, लग्न न केलेला, घर सोडून गेलेला भिक्षू येऊन उभा राहिला. चिनी विद्वानांना हा धर्म म्हणजे कुलबुडवेपणा वाटला, यात नवल ते काय? शिवाय भिक्षू राजापुढेही वाकेनात. इ.स. ४०४ मध्ये हुई-युआन या भिक्षूने, श्रमणाने राजाला नमस्कार का करू नये, यावर आख्खा प्रबंधच लिहिला.

तेव्हा प्रश्न नुसता भाषांतराचा नव्हता. पण भाषांतराची गोष्टही सांगण्यासारखी आहे, कारण तिच्यात एका अक्षराची गंमत आहे.

कुमारजीव हा वडिलांकडून भारतीय आणि आईकडून कुचाच्या राजघराण्यातला. त्याने चांगआन येथे इ.स. ४०६ मध्ये 'सद्धर्मपुंडरीक सूत्रा'चे चिनी भाषांतर केले. त्यातला एक अध्याय या बोधिसत्त्वाचा आहे. आगीत, पुरात, चोरांच्या तावडीत किंवा बेड्यांत सापडलेल्या माणसाने त्याचे नाव घेतले की तो धावून येतो. हेच दृश्य आपल्याकडे दगडात कोरलेले आहे. छत्रपती संभाजीनगरला बीबी-का-मकबऱ्याच्या मागच्या डोंगरात जी औरंगाबाद लेणी आहेत, त्यांतल्या सातव्या लेण्याच्या दाराशी बुडते जहाज, पिसाळलेला हत्ती, सिंह, साप अशा संकटांतून माणसांना सोडवणारा अवलोकितेश्वर उभा आहे. अजिंठ्याला जाताना आपण ही लेणी वगळून पुढे जातो. कान्हेरीलाही असेच शिल्प आहे, आणि सोपारा-कल्याणच्या बंदरांवरून ये-जा करणाऱ्यांना त्या बुडत्या जहाजाचा अर्थ कोणी समजावून सांगावा लागला नसेल.

कुमारजीवाने नावाचे भाषांतर केले 'क्वान-शी-यिन', म्हणजे जगाचा आवाज न्याहाळणारा. पुढे दोन शतकांनी ह्युएन त्संग भारतात आला. इ.स. ६२९ मध्ये निघून ६४५ मध्ये परतलेला हा यात्री दुसऱ्या पुलकेशीच्या महाराष्ट्रातही येऊन गेला आणि इथली माणसे उपकार विसरत नाहीत, अपमानही विसरत नाहीत, असे लिहून गेला (दुसरा भाग आपल्या मंडळाच्या वार्षिक सभेत पडताळून पाहता येतो). संस्कृत उत्तम शिकून गेलेल्या ह्युएन त्संगने सांगितले की जुने नाव साफ चूक आहे. मूळ शब्द 'अवलोकित' अधिक 'ईश्वर' असा आहे, त्यात आवाजाचा संबंध येतोच कुठे? त्याने नवे, व्याकरणशुद्ध नाव दिले, 'क्वान-त्झू-त्साई', न्याहाळणारा ईश्वर.

लोकांनी पंडिताचे ऐकले नाही. हाक मारताना त्यांच्या तोंडी क्वान-यिनच राहिले. आणि गंमत अशी की विसाव्या शतकात मध्य आशियातून आलेल्या जुन्या हस्तलिखितांत 'अवलोकितस्वर' असे रूप सापडले. म्हणजे कुमारजीवापुढच्या पोथीत 'ईश्वर' नसून 'स्वर' असण्याचीच शक्यता मोठी. चूक कोणाचीच नव्हती, पोथ्याच दोन होत्या. पण चिनी माणसाने दोहोंतून राज्य करणारा ईश्वर न घेता ऐकणारा देव घेतला, हे मला फार बोलके वाटते.

आता तो देव स्त्री कसा झाला? त्याला आधार सूत्रातच होता. चिनी भाषांतरात त्याची तेहतीस रूपे सांगितली आहेत, त्यांत भिक्षुणी आहे, गृहिणी आहे, लहान मुलगीही आहे. मूल हवे असणाऱ्या बायका त्याला नवस करीत. तरीही थांग काळापर्यंत चित्रांत तो पुरुषच दिसतो. तुन-हुआंगच्या चित्रांत तर त्याला चक्क मिशा आहेत. (याच तुन-हुआंगच्या २८५ क्रमांकाच्या लेण्यात इ.स. ५३८-३९ च्या नोंदी आहेत आणि तिथे महेश्वराच्या परिवारात आपला गजाननही बसला आहे. आपल्या स्मरणिकेत हे सांगितले नाही तर तो रागवायचा!) बदल झाला तो सुंग काळात, आणि त्यामागे एका कथेचा मोठा हात आहे.

इ.स. ११०० मध्ये हनान प्रांतातल्या श्यांगशान मंदिरात एक शिलालेख कोरला गेला. त्यातली गोष्ट अशी. एका राजाची धाकटी मुलगी म्याओ-शान लग्नाला नकार देऊन भिक्षुणी होते. बाप संतापून तिला मारायला उठतो. ती वाचते आणि डोंगरात तप करते. पुढे राजाला दुर्धर रोग होतो. ज्याच्या मनात रागाचा लवलेश नाही अशा माणसाचे डोळे आणि हात मिळाले तरच औषध होईल, असे एक भिक्षू सांगतो. डोंगरावरची तपस्विनी ते काढून देते. बरा झालेला राजा आभार मानायला जातो आणि पाहतो तर ती त्याचीच मुलगी. त्या क्षणी ती सहस्र हातांच्या, सहस्र नेत्रांच्या क्वान-यिनच्या रूपात प्रकट होते.

कथा वाचली आणि हजार वर्षांच्या भांडणाचा निकाल समोर दिसला. शरीराला इजा करायची नाही म्हणता? तिने ते बापासाठीच कापून दिले. घर सोडणे म्हणजे आईवडिलांचे ऋण बुडवणे? ते फेडले घर सोडलेल्या मुलीनेच. बौद्ध धर्माने संन्यास सोडला नाही, चीनने आईबाप सोडले नाहीत. अर्थात आईवडिलांच्या पुण्यासाठी दान दिल्याचे लेख आपल्या कान्हेरीतही आहेत. बी इथलेच होते. पण त्याचे असे झाड झाले ते तिकडे.

चीनलाही काही कमी मिळाले नाही. 'ध्याना'पासून त्यांचा 'छान' पंथ झाला, जपानात गेल्यावर तो 'झेन' झाला. 'क्षण' हा आपला शब्द 'छा-ना' होऊन त्यांच्या भाषेत रुळला. छपाईला तर पोथ्यांच्या पुण्याने मोठाच हातभार लावला. तारीख छापलेला जगातला सर्वांत जुना संपूर्ण ग्रंथ म्हणजे इ.स. ८६८ चा 'वज्रच्छेदिका सूत्रा'चा पट. तो आज लंडनला ब्रिटिश लायब्ररीत आहे. वांग च्ये नावाच्या माणसाने तो फुकट वाटण्यासाठी करवला, आणि कोणाच्या नावाने, तर आपल्या आईवडिलांच्या!

त्या ओळीपाशी मी थोडा थांबलो. १९९१ च्या मार्चमध्ये वडील वाईला अंथरुणाला खिळलेले असताना मी इथे बँकेच्या वर्षअखेरीचे ताळेबंद जुळवत होतो. पोहोचलो तेव्हा तिसरा दिवस होता. मंडळात अशी गोष्ट नसलेले घर क्वचितच सापडेल, म्हणून जास्त लिहीत नाही.

गेल्या महिन्यात त्या गृहस्थांबरोबर पुन्हा देवळात गेलो. या वेळी मी काही शिकवले नाही. त्यांनी आधी आईवडिलांच्या नावाने उदबत्त्या लावल्या, मग एक वेगळी लावली. ती कोणाची, असे मी विचारले. मुलगा टोरांटोला असतो, म्हणाले. आईच्या आजारपणात त्याला येता आले नाही, ते त्याला अजून लागून राहिले आहे, त्याच्यासाठी.

"तो फोनवर काही बोलत नाही," बाहेर पायऱ्यांवर बूट घालताना ते म्हणाले. "माँ सुन लेती है."