ग्रामीण शाळा-जिल्ह्यांचे एकत्रीकरण (आर्कान्सा)

अमेरिकेच्या आर्कान्सा राज्यातील लहान ग्रामीण शाळा-जिल्हे मोठ्या जिल्ह्यांत विलीन करण्याची प्रक्रिया. शाळा-जिल्हा हा निर्वाचित मंडळामार्फत सार्वजनिक शाळा चालविणारा घटक होय (पहा : स्थानिक स्वराज्य संस्था). मतदारांनी १९४८ मध्ये संमत केलेल्या कायद्यान्वये शालेय वयाची ३५० हून कमी मुले असलेले जिल्हे १९४९ मध्ये विसर्जित झाले. लेक व्ह्यू खटल्यात राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये शालेय निधिव्यवस्था घटनाबाह्य ठरविली. त्यानंतर २००४ च्या कायद्याने सलग दोन वर्षे ३५० पेक्षा कमी विद्यार्थी असलेल्या जिल्ह्यांचे विलीनीकरण बंधनकारक केले; २०१५ पासून पात्र जिल्ह्यांना सूट मिळू शकते. विस्तृत अभ्यासक्रम व खर्चात बचत ही एकत्रीकरणाची उद्दिष्टे आहेत. गावातील शाळा बंद होणे, बसप्रवास लांबणे व स्थानिक नियंत्रण घटणे या मुद्द्यांवर त्यास विरोध होतो (पहा : ग्रामीण शिक्षण).