शोधक, परवाना आणि मुखवटा : ‘हीरो’ या तमिळ चित्रपटाची ऐतिहासिक पार्श्वभूमी

लोकप्रिय चित्रपटाकडे इतिहासाचे साधन म्हणून पाहण्याची प्रथा आपल्याकडे अजून पुरेशी रुजलेली नाही. चित्रपटातील घटना काल्पनिक असतात हे खरे. तथापि एखाद्या समाजाला कोणता अन्याय विश्वसनीय वाटतो आणि त्याचे निवारण कोठे होईल असे वाटते, याची साक्ष चित्रपट देत असतो. या दृष्टीने पी. एस. मित्रन दिग्दर्शित ‘हीरो’ हा 20 डिसेंबर 2019 रोजी प्रदर्शित झालेला तमिळ साहसपट विचारात घेण्यासारखा आहे. शोध लावणाऱ्याला न्याय मिळावा ही त्याची मध्यवर्ती मागणी आहे. या मागणीला तमिळ प्रदेशात कोणता इतिहास आहे आणि ती न्यायालयात न मांडता मुखवटाधारी नायकाकडे का सोपवली गेली, या दोन प्रश्नांचा विचार प्रस्तुत निबंधात केला आहे.

चित्रपटाचा नायक शक्ती (शिवकार्तिकेयन) हा बनावट प्रमाणपत्रे तयार करून देणारा आणि महाविद्यालयीन प्रवेशांची दलाली करणारा तरुण आहे. बालपणी त्याला अतिमानवी नायक व्हायचे होते. व्यवहाराने त्याला दलाल केले. त्याच्या परिचयातील मती ही विलक्षण कल्पक विद्यार्थिनी खोट्या आरोपात गोवली जाते आणि त्यातच तिचा अंत होतो. तिचा गुरू सत्यमूर्ती (अर्जुन) हा शाळांनी नापास ठरवलेल्या मुलांना लपूनछपून शिकवत असतो. मुलांच्या हातून निर्माण होणारे नवे प्रस्थापितांच्या व्यापाराला बाधक ठरू नये, म्हणून ते दडपून टाकणारा उद्योगपती महादेव (अभय देओल) हा या कथेतील खलनायक होय. शक्ती अखेरीस मुखवटा धारण करून त्याच्याशी सामना करतो. पात्रांची नावे मराठी वाचकाला सहज उलगडतील अशी आहेत. मतीचा बळी गेल्यानंतरच शक्तीला जाग येते, हे या कथेचे रूपक आहे.

हे रूपक केवळ पटकथेच्या सोयीसाठी रचलेले नाही. तमिळनाडूच्या पश्चिम भागातील कोईमतूर परिसराच्या औद्योगिक स्मृतीत शोधकाची प्रतिमा फार पूर्वीपासून आहे आणि तिचा ठळक आधार म्हणजे जी. डी. नायडू (1893–1974). कोईमतूरजवळच्या कलंगल गावी जन्मलेल्या नायडूंचे शालेय शिक्षण अल्पच झाले. एका इंग्रज अधिकाऱ्याची मोटारसायकल पाहून ते इतके भारावले की, कोईमतूरच्या उपाहारगृहात वाढप्याचे काम करून त्यांनी पैसे जमवले, तीच गाडी विकत घेतली आणि सुटी करून पुन्हा जोडली, असे त्यांच्याविषयी सांगितले जाते. 1920 मध्ये पोल्लाची ते पळणी या मार्गावर त्यांनी एका बसगाडीनिशी प्रवासी वाहतूक सुरू केली. पुढे विजेवर चालणारे दाढीचे यंत्र त्यांनी तयार केले. 1937 मध्ये डी. बालसुंदरम नायडू यांच्या सहकार्याने तयार झालेली विद्युत मोटर ही भारतात बनलेली पहिली मोटर म्हणून ओळखली जाते. 1945 मध्ये कोईमतूरला स्थापन झालेल्या तंत्रशिक्षण संस्थेचे ते पहिले प्राचार्य होते. ज्याला शाळेने फारसे काही दिले नव्हते त्याने तंत्रशिक्षणाची संस्था उभारावी, ही घटना सत्यमूर्तीच्या लपलेल्या शाळेकडे पाहताना आठवल्यावाचून राहत नाही.

नायडूंच्या चरित्रातील सर्वांत बोलका प्रसंग 1952 मधला आहे. सुमारे दोन हजार रुपयांत मिळू शकेल अशी दोन आसनी पेट्रोल मोटार त्यांनी तयार केली. परंतु शासनाचा परवाना न मिळाल्याने तिचे उत्पादन थांबले. 1951 चा उद्योग (विकास व नियमन) अधिनियम मे 1952 मध्ये अमलात आला होता. दुर्मीळ साधनसामग्री राष्ट्राच्या अग्रक्रमानुसार वापरली जावी, हा त्यामागील हेतू होता आणि त्या काळाच्या संदर्भात तो निराधार म्हणता येणार नाही. मात्र या व्यवस्थेत वस्तू चालते की नाही यापेक्षा ती निर्माण करण्याची अनुज्ञा कोणाला आहे, हा प्रश्न महत्त्वाचा ठरला. या ठिकाणी शोध कोणी चोरला नाही. तो केवळ अडला. अशा अडवणुकीविरुद्ध दाद मागण्याची निश्चित जागा नव्हती, ही गोष्ट लोकस्मृतीत राहिली.

नायडूंचा उल्लेख ‘भारताचा एडिसन’ असा केला जातो. नायडूंवरील ज्या माहितीपटास 66व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत विज्ञान-तंत्रज्ञान विभागाचा सन्मान मिळाला, त्याच्या शीर्षकातही हेच विशेषण आहे. मराठी वाचकाला येथे शंकर आबाजी भिसे (1867–1935) यांचे स्मरण होणे स्वाभाविक आहे, कारण हेच विशेषण त्यांनाही लावले गेले. मुंबईत जन्मलेल्या भिसे यांनी मुद्रणासाठी खिळे ओतण्याचे ‘भिसोटाइप’ हे यंत्र तयार केले. त्याला भांडवल मिळवण्यासाठी त्यांना लंडन गाठावे लागले. दादाभाई नौरोजींनी त्यांना साहाय्य केले, रतन टाटांच्या भांडवलावर 1910 मध्ये एक कंपनीही उभी राहिली, पण ते यंत्र बाजारात स्थिर झाले नाही. 1916 मध्ये भिसे अमेरिकेला गेले आणि न्यूयॉर्क येथेच त्यांचे निधन झाले. भिसे यांना भांडवलाने अडवले, नायडूंना परवान्याने. दोघांनाही परकीय शोधकाचे नाव गौरव म्हणून मिळाले. बुद्धी होती, तिला बाजारापर्यंत नेणारी व्यवस्था नव्हती, याची कबुलीच त्या गौरवात आहे.

कायद्याचा इतिहास हीच उणीव वेगळ्या रीतीने दाखवतो. भारतात शोधांना संरक्षण देणारा पहिला अधिनियम 1856 चा. त्याखालील पहिला अर्ज कलकत्त्यातील जॉर्ज आल्फ्रेड डी पेनिंग या अभियंत्याने पंखा ओढण्याच्या यंत्रासाठी केला होता. 1911 च्या अधिनियमाने पेटंटव्यवस्थेला प्रशासकीय चौकट मिळाली. स्वातंत्र्यानंतर प्रथम बक्षी टेकचंद समितीने आणि नंतर न्या. एन. राजगोपाल अय्यंगार यांनी 1959 च्या अहवालात या व्यवस्थेची तपासणी केली. भारतातील बहुसंख्य पेटंटे परकीयांच्या हाती आहेत, हा त्या अहवालातील महत्त्वाचा निष्कर्ष होता. त्यातून 1970 चा अधिनियम आला. औषधे व अन्नपदार्थ यांच्या बाबतीत त्याने उत्पादनावरील पेटंट नाकारून केवळ प्रक्रियेवरील पेटंट ठेवले. 2005 मधील दुरुस्तीने उत्पादन-पेटंट पुन्हा लागू झाले. या दीर्घ चर्चेत राष्ट्र, परकीय कंपनी आणि रुग्ण यांच्या हिताचा विचार झाला. लहान कार्यशाळेत छोटी पण उपयुक्त सुधारणा करणाऱ्या कारागिराचा विचार मात्र मागे पडला. अशा सुधारणांना अनेक देशांत ‘युटिलिटी मॉडेल’ नावाचे अल्पमुदतीचे संरक्षण मिळते. भारताच्या कायद्यात त्याची तरतूद नाही.

ज्याच्याजवळ पेटंट आहे त्यालाही न्याय लवकर मिळतो असे नाही. पुण्याच्या बजाज ऑटोने इंजिनात दोन ठिणगी-प्लग वापरण्याच्या तंत्राबाबत तमिळनाडूच्या टीव्हीएस मोटर कंपनीविरुद्ध मद्रास उच्च न्यायालयात दावा केला. फेब्रुवारी 2008 मध्ये बजाजला अंतरिम मनाई हुकूम मिळाला. मे 2009 मध्ये खंडपीठाने तो रद्द केला. आणि सप्टेंबर 2009 मध्ये सर्वोच्च न्यायालयाला, अशा दाव्यांची सुनावणी दररोज घेऊन ते शक्यतो चार महिन्यांत निकाली काढावेत, असे सांगावे लागले. दोन बलाढ्य कंपन्यांची ही स्थिती असेल, तर एकट्या शोधकाची काय असेल? तमिळनाडूतील एका शोधकाने एकाच भ्रमणध्वनीत अनेक सिमकार्डे वापरण्याच्या रचनेसाठी 2002 मध्ये अर्ज केला. 2008 मध्ये त्याला पेटंट मिळाले आणि 2012 मध्ये बौद्धिक संपदा अपील मंडळाने ते रद्द ठरवले. तो निर्णय कायद्याच्या निकषांवर झाला होता आणि प्रत्येक दावेदार हा अन्यायग्रस्त असतो असे मानणे भाबडेपणाचे होईल. परंतु दशकभराचा हा प्रवास एकट्या माणसाला पेलावा लागतो, हे सत्य त्यामुळे बदलत नाही.

आता चित्रपटाच्या परंपरेकडे वळू. नायडूंची मोटार ज्या वर्षी अडली, त्याच 1952 मध्ये ‘पराशक्ती’ हा युगप्रवर्तक तमिळ चित्रपट प्रदर्शित झाला. एम. करुणानिधी यांचे संवाद आणि शिवाजी गणेशन यांचा पदार्पणातील अभिनय यांमुळे त्यातील न्यायालयाचा प्रसंग अजरामर झाला. तेथे अन्यायग्रस्त नायक आरोपीच्या पिंजऱ्यात उभा राहून समाजावरच आरोप ठेवतो. न्यायालय हे भाषणाचे व्यासपीठ होते आणि शब्दाने व्यवस्था बदलता येईल हा द्रविड चळवळीचा विश्वास त्यामागे होता. चार दशकांनंतर शंकर दिग्दर्शित ‘जंटलमन’ (1993) मध्ये हा विश्वास ओसरलेला दिसतो. लाचेअभावी मित्राचा वैद्यकीय प्रवेश हुकतो, तो आत्महत्या करतो आणि नायक मोफत शिक्षणाचे महाविद्यालय उभारण्यासाठी दरोडे घालतो. खासगी विनाअनुदानित अभियांत्रिकी महाविद्यालयांना महाराष्ट्रात 1983 मध्ये वसंतदादा पाटील यांच्या शासनाने आणि पाठोपाठ तमिळनाडूत एम. जी. रामचंद्रन यांच्या शासनाने परवानगी दिली होती. देणगीशुल्क बेकायदा असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने 1992 मध्ये मोहिनी जैन खटल्यात स्पष्ट केले. पण बाजार थांबला नाही. ‘जंटलमन’चा जन्म या दरीतून झाला. त्यातील नायक अर्जुन यांनीच ‘हीरो’मध्ये सत्यमूर्तीची भूमिका करावी, हा योग म्हणूनच अर्थपूर्ण वाटतो. 1993 मध्ये प्रवेशासाठी लढणारा पुरुष 2019 मध्ये गुरू होतो. प्रवेश मिळून तरी विद्यार्थ्याच्या बुद्धीचे काय होते, हा त्याचा पुढचा प्रश्न आहे.

या दोन चित्रपटांतील अंतर लक्षणीय आहे. ‘जंटलमन’मध्ये दोषी आहे लाचखोर राजकारणी, म्हणजे परवाना-व्यवस्थेचा वारस. ‘हीरो’मध्ये दोषी आहे उद्योगपती, आणि त्याचे शस्त्र नकार नसून दडपणूक हे आहे. 1991 नंतर परवाना गेला, पण अडवणुकीचा अनुभव गेला नाही. त्याने केवळ पत्ता बदलला, असे या कथेचे म्हणणे आहे. या मांडणीची मर्यादाही नोंदवायला हवी. सर्व दोष एका व्यक्तीत साठवला की तिच्या पराभवाने प्रश्न सुटल्याचे समाधान प्रेक्षकाला मिळते. भांडवल, परीक्षापद्धती, अपिलांची दिरंगाई यांना चेहरा नसतो, म्हणून साहसपटाला त्यांच्याशी झुंजता येत नाही. मुखवटा घातलेल्या नायकाला चेहरा असलेला शत्रू लागतो.

‘हीरो’च्या बाबतीत वास्तवाने या विषयात आणखी एक प्रकरण जोडले. चित्रपटाची कथा आपल्या नोंदणीकृत कथेवर बेतली आहे, असा दावा दुसऱ्या एका चित्रपटलेखकाने केला. दक्षिण भारतीय चित्रपट लेखक संघाने, के. भाग्यराज अध्यक्ष असताना, त्या दाव्याला पाठिंबा दिला. दिग्दर्शकाने तो नाकारला. आणि वाद मद्रास उच्च न्यायालयापर्यंत गेला. त्यातील खरेखोटे ठरवणे हे या निबंधाचे कार्य नव्हे. मात्र अशा वादात न्यायालय कोणता निकष लावते, हे पाहण्यासारखे आहे. आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स या 1978 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, कल्पनेवर कोणाचाही स्वामित्वहक्क नसतो. संरक्षण मिळते ते अभिव्यक्तीला. हे तत्त्व योग्यच आहे, कारण कल्पना एकाची झाली तर वाङ्मयच थांबेल. परंतु ज्याच्याजवळ केवळ कल्पना आहे आणि ती साकार करण्याचे साधन नाही, त्याच्या वाट्याला या तत्त्वातून काहीच येत नाही. पटकथा घेऊन निर्मात्याचे दार ठोठावणारा लेखक आणि यंत्राचा आराखडा घेऊन कारखानदारासमोर उभा राहणारा तरुण हे दोघे येथे एकाच रांगेत आहेत.

या विवेचनातून एक निष्कर्ष काढता येतो. कायदा शोधकाला मालक मानतो आणि त्याच्या मालमत्तेचे रक्षण करतो. ‘हीरो’ची मागणी याहून वेगळी आहे. मतीला पेटंट हवे होते म्हणून तिच्या मृत्यूने प्रेक्षक व्यथित होत नाही. तिला शिकायचे होते आणि जे सुचले ते करून पाहायचे होते. ती संधी नाकारली गेली हा अन्याय आहे, आणि कोणत्याही न्यायालयात त्यासाठी दावा दाखल करता येत नाही. नायडूंनी त्याचे उत्तर 1945 मध्ये संस्था उभारून दिले होते. चित्रपट मुखवट्यामागे धावत असला तरी त्याच्या केंद्रस्थानी सत्यमूर्तीची शाळाच आहे. फरक इतकाच की, नायडूंची शाळा उघड्यावर होती आणि 2019 च्या कल्पनेत ती लपवावी लागते. पाऊण शतकात एका समाजाच्या आत्मविश्वासात झालेला बदल मोजायचा असेल, तर या दोन शाळांमधील अंतर मोजावे लागेल.