'मी शेतकरी बोलतोय' : मुलांना दुसऱ्याचं दुःख कसं शिकवायचं?



विषयाला हात घालण्याआधी एक कबुली द्यायची आहे. काही वर्षांपूर्वी एका आंतरशालेय निबंध स्पर्धेचं परीक्षण आमच्याकडे आलं होतं. आठवीची मुलं, आणि विषय आपल्या सगळ्यांच्या ओळखीचा, 'मी शेतकरी बोलतोय'. बहुतेक निबंध एकाच साच्यातले होते. सुरुवातीला बळीराजा, मग जगाचा पोशिंदा, मग आभाळात नसलेलं पाणी आणि डोळ्यांत आलेलं पाणी, शेवटी मायबाप सरकारला विनंती. निबंधाची पुस्तकं बाजारात मिळतात, मुलं पाठ करतात, त्यात त्यांचा दोष नाही.

त्या गठ्ठ्यात एक निबंध निराळा होता. एका मुलीनं लिहिलं होतं, की आमच्याकडे आठवड्यातले काही दिवस शेतीची वीज रात्रीच असते. बाबा रात्री दारं धरायला जातात. मी बॅटरी घेऊन बांधावर उभी राहते. मला सापाची भीती वाटते, पण मी बाबांना सांगत नाही. सांगितलं तर ते मला घरी ठेवतील आणि एकटेच जातील. दुसऱ्या दिवशी वर्गात झोप येते. बस्स, पाऊणएक पान. ना पोशिंदा, ना बळीराजा.

आम्ही लाल शाईनं शेरा मारला, 'विषय सोडून लिहिले आहे. आत्मकथन अपेक्षित होते.' आणि गुण कापले. नियमानं पाहिलं तर चूक काहीच नव्हती. विषयात 'मी' म्हणजे शेतकरी, आणि हिच्या निबंधातली 'मी' शेतकऱ्याची मुलगी! आयुष्यभर नीतिशास्त्र शिकवलेल्या माणसानं मारलेला हा शेरा. तो आम्हाला अजून टोचतो. आजचं व्याख्यान त्या शेऱ्याबद्दलच आहे असं समजा.

आपल्या मराठी शाळांनी हा एक लेखनप्रकार फार प्रेमानं जपला आहे. 'फाटक्या पुस्तकाचे आत्मवृत्त', 'पूरग्रस्ताचे मनोगत', 'वृद्धाश्रमातील आजोबा बोलतात'. आपण सगळ्यांनी हे लिहिलेलं आहे. त्यामागचा हेतूही चांगला आहे. मुलानं काही वेळ दुसऱ्याच्या जागी उभं राहावं, त्याच्या डोळ्यांनी पाहावं, म्हणजे त्याच्या ठायी समानुभूती येईल. इंग्रजीत ज्याला एम्पथी म्हणतात ती. हा शब्द तसा अलीकडचा, विसाव्या शतकाच्या आरंभी एका जर्मन शब्दासाठी बनवलेला. पण त्यामागचा विचार जुना आहे, आणि त्याची नीट मांडणी करणाऱ्या माणसाचं नाव ऐकून काहींना आश्चर्य वाटेल. तो माणूस म्हणजे अ‍ॅडम स्मिथ.

होय, तोच, अर्थशास्त्रवाला. पण 'वेल्थ ऑफ नेशन्स' आलं 1776 साली. त्याच्या 17 वर्षं आधी, 1759 मध्ये, ग्लासगोला नीतिशास्त्राचे प्राध्यापक असताना स्मिथनं 'द थिअरी ऑफ मॉरल सेंटिमेंट्स' हा ग्रंथ लिहिला. तो अगदी साध्या निरीक्षणानं सुरू होतो. आपला सख्खा भाऊ यातना भोगत असला, तरी आपली इंद्रियं आपल्याला त्याच्या शरीरात नेऊ शकत नाहीत. त्याला काय होतंय हे आपल्याला थेट कळण्याचा मार्गच नाही. एकच वाट आहे, ती कल्पनेची. आपण मनानं स्वतःला त्याच्या जागी ठेवतो, आणि मग थोडंसं, अगदी फिकट स्वरूपात, त्याचं दुखणं आपल्याला लागतं. आपल्या निबंधवहीतलं मनोगत म्हणजे हेच.

पण स्मिथ इथं थांबत नाही. ग्रंथाच्या शेवटच्या भागात तो एक बारीक भेद करतो. समजा, तुमचा एकुलता एक मुलगा गेला आणि आम्ही तुमच्या दुःखात सहभागी झालो. तेव्हा 'आम्हाला मुलगा असता आणि तो गेला असता तर आम्हाला काय वाटलं असतं' याचा विचार पुरेसा नाही. आम्ही 'तुम्ही' असतो तर काय वाटलं असतं, हा खरा प्रश्न. म्हणजे जागाच बदलायची असं नाही, माणूससुद्धा बदलायचा.

आता हे म्हणायला सोपं आहे. पण माणूस बदलायचा तर त्या माणसाबद्दल काही माहिती हवी. ती कुठून आणायची? कल्पना हवेतून काही निर्माण करत नाही. ती आपल्याच घरातलं सामान वापरते. शहरातल्या मुलाला शेतकरी व्हायला सांगितलं, की तो सिनेमातला शेतकरी आणतो, जाहिरातीतला आणतो, नाहीतर निबंधाच्या पुस्तकातला. धोतर त्याचं असतं, आत मात्र आपणच असतो. स्मिथनं प्रश्नाचं स्वरूप अचूक सांगितलं. शिक्षकानं वर्गात काय करायचं, हा प्रश्न मात्र उरला.

त्या प्रश्नाला विसाव्या शतकात एका शिक्षिकेनं फार धाडसी उत्तर दिलं. अमेरिकेतल्या आयोवा राज्यातलं रायसव्हिल हे छोटं गाव. गोऱ्यांची वस्ती, शेती हा मुख्य व्यवसाय. 4 एप्रिल 1968 रोजी मेम्फिस इथं मार्टिन ल्यूथर किंग यांची हत्या झाली. दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी, जेन एलियट आपल्या तिसरीच्या वर्गात गेल्या. मुलं आठ-नऊ वर्षांची. काळ्या मुलाचं जगणं कसं असेल, हे त्यांनी मुलांना विचारलं. मुलांची उत्तरं मोठ्यांच्या तोंडून ऐकलेली. बाईंच्या लक्षात आलं, की हे शब्द आहेत, यात अनुभव नाही. मग त्यांनी मुलांच्या संमतीनं वर्गाचे दोन भाग केले, डोळ्यांच्या रंगावरून. एका रंगाची मुलं श्रेष्ठ, दुसऱ्या रंगाची कनिष्ठ. कनिष्ठांना पाण्याच्या नळाला तोंड लावायची बंदी. श्रेष्ठांना मधली सुट्टी जास्त. पुढच्या सोमवारी बाजू उलटवली.

दोन वर्षांनी हाच प्रयोग पुन्हा झाला, तेव्हा त्याचं चित्रीकरण झालं. 1970 मध्ये 'द आय ऑफ द स्टॉर्म' हा माहितीपट अमेरिकन दूरचित्रवाणीवर आला. त्यात एक प्रसंग आहे. कनिष्ठ ठरलेल्या तपकिरी डोळ्यांच्या मुलांना अक्षरांची कार्डं वाचायला साडेपाच मिनिटं लागली. दुसऱ्या दिवशी हीच मुलं श्रेष्ठ ठरली आणि तेच काम त्यांनी अडीच मिनिटांत केलं. मुलं तीच, कार्डं तीच. चौदा वर्षांनी ही मुलं मोठी होऊन पुन्हा एकत्र जमली, तो माहितीपट 1985 मध्ये आला. ते दोन दिवस आपल्याला बदलून गेले, असं त्यांनी सांगितलं.

या प्रयोगाबद्दल दोन आक्षेप घेतले जातात. पहिला आक्षेप त्रासाचा. इतक्या लहान मुलांना मुद्दाम अपमान सोसायला लावायचा का? आणि आठ वर्षांच्या मुलाची संमती ती कसली संमती? हा आक्षेप हलका नाही. पण आमच्या मनात दुसरा आक्षेप अधिक आहे. त्या मुलांना कळलं ते अपमानाचं दुःख, आणि तेही स्वतःच्या अपमानाचं. ते मोलाचं आहेच. पण मेम्फिसमधल्या काळ्या मुलीचं जगणं त्यांना कळलं का? तिच्या आयुष्यात बाजू उलटवणारा सोमवार येत नाही. तिच्या आईचीही हीच गोष्ट असते, आजीचीही हीच. शिवाय त्या वर्गात एकही काळं मूल नव्हतं. 'असं नसतं रे, मी सांगते कसं असतं' असं म्हणणारं कुणी तिथं नव्हतंच. एलियटबाईंचं धैर्य मोठं होतं, गावकऱ्यांचा रोष त्यांनी पत्करला. त्यांच्या वर्गात ती एक जागा रिकामी होती, एवढंच आम्ही म्हणतो.

आता आयोवातून पुण्याला येऊ आणि काळात 113 वर्षं मागं जाऊ. कारण रायसव्हिलला जी जागा रिकामी होती, ती इथं भरलेली होती.

1848 साली पुण्यात भिडेवाड्यात जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी मुलींची शाळा काढली, हे आपण जाणता. पुढं अस्पृश्य मानलेल्या जातींच्या मुलामुलींसाठीही त्यांनी शाळा काढल्या. फुले दांपत्याच्या शाळेत शिकणारी मांग समाजातली एक मुलगी, मुक्ता साळवे. तिनं मांग-महारांच्या दुःखाविषयी एक निबंध लिहिला. 'ज्ञानोदय' या मिशनऱ्यांच्या नियतकालिकात तो 1855 साली, 15 फेब्रुवारी आणि 1 मार्च अशा दोन अंकांत छापून आला. शाळकरी मुलीचा निबंध! पण तो नुसता निबंध म्हणून वाचता येत नाही. वेद जर ब्राह्मणांचेच, तर मग आमचा धर्म कोणता, असं ती थेट देवालाच विचारते. पेशवाईत आपल्या लोकांवर झालेले अत्याचार ती एकेक करून मांडते.

त्यातल्या एका जागेकडे आम्हाला आज लक्ष वेधायचं आहे. आपल्या समाजातल्या बायका बाळंत होतात तेव्हा घरावर धड छप्परही नसतं, हे ती सांगते. थंडी, वारा, पाऊस, आणि त्यात ओली बाळंतीण. आणि मग ती वाचकाला बजावते, की त्यांना काय होत असेल याचा विचार तुम्ही आपल्या स्वतःच्या अनुभवावरून करा. त्या काळी मराठी वाचू शकणारे बहुतेक जण वरच्या जातींतले. त्यांच्या घरी बाळंतपणं होत होती, बाळंतिणीची खोली असायची, शेक असायचा, वारा लागू नये म्हणून दारं बंद असायची. मुक्ता त्यांना म्हणते, ते आठवा, आणि आता वरचं छप्पर काढा.

स्मिथ ग्लासगोत जे सांगत होता तेच हे आहे. कल्पनेनं दुसऱ्याच्या जागी जा. मुक्तानं स्मिथ वाचला असण्याची सुतराम शक्यता नाही. तिला त्याची गरजही नव्हती. पण एक फरक पाहा. इथं कल्पना करायला शिक्षक सांगत नाही, ज्याचं दुःख आहे तोच सांगतो. आधी ती आपल्याला सामान पुरवते, न पाहिलेलं, न ऐकलेलं. मग म्हणते, आता करा कल्पना. आणि कल्पना करून झाल्यावर वाचकाला गहिवरत बसू देत नाही. बाळंतपणात दुखणं आलं तर औषधाला पैसा कुठून आणायचा, आणि फुकट औषध देणारा कोण निघाला, असा सवाल ती पुढं करते. म्हणजे आधी ऐकणं, मग कल्पना, मग जबाबदारी. तीनही पायऱ्या त्या निबंधात आहेत. आमच्या मनोगतात मधली एकच पायरी असते. पहिली आम्ही गाळतो, म्हणून तिसरी येत नाही.

इथं एक सावधगिरी मात्र बाळगली पाहिजे. याचा अर्थ असा कुणी घेऊ नये, की वर्गातल्या गरीब मुलाला उभं करायचं आणि 'सांग रे, तुझ्या घरी काय काय सोसता' असं विचारायचं. ते शिक्षण नाही, प्रदर्शन आहे. मुक्तानं आपल्या मनानं लेखणी हातात घेतली. तिला तशी शाळा मिळाली होती, जिथं तिचं लिहिणं विषय सोडून ठरलं नाही. शिक्षकाच्या हातात तेवढंच असतं. तशी जागा तयार करायची आणि मग वाट पाहायची.

मग करायचं काय? आमची सूचना साधी आहे, शिक्षक मित्रांनी करून पाहावी. मनोगताचा निबंध काढून टाकू नका. त्याच्या आधी एक आठवडा मुलांना द्या. ज्याचं मनोगत लिहायचं त्याला भेटून या, बसस्टँडवरच्या हमालाला, घरी येणाऱ्या मावशींना, शेजारच्या आजोबांना. त्यांना वेळ असेल आणि बोलावंसं वाटेल, तर. भेटायला जाण्यापूर्वी वहीच्या डाव्या पानावर लिहा, 'मला असं वाटतं'. भेटून आल्यावर उजव्या पानावर लिहा, 'त्यांनी असं सांगितलं'. दोन्ही पानं अगदी सारखी आली, तर समजा की ऐकलं गेलं नाही. जिथं उजवं पान डाव्याला खोडून काढतं, तिथं शिकायला सुरुवात झाली.

शेवटी पुन्हा त्या निबंधाकडे येतो. इतकी वर्षं आम्ही समजत होतो, की त्या मुलीनं आपला अनुभव लिहिला आणि आम्हाला कल्पना हवी होती. पुढं कधीतरी लक्षात आलं, की आम्हाला जे हवं होतं ते त्या पाऊण पानात होतं. 'भीती वाटते हे सांगितलं, तर बाबा एकटेच जातील.' हे तिला कसं कळलं? अंधारात, बांधावर, हातात बॅटरी धरून ती बापाच्या मनात जाऊन आली होती. आपण घाबरलो तर तो काय करेल हे तिनं पाहिलं, आणि त्याला एकटं जावं लागू नये म्हणून गप्प राहिली. त्या गठ्ठ्यात खऱ्या अर्थानं शेतकऱ्याच्या जागी उभं राहून आलेली तीच एक मुलगी होती. आणि तिच्या पानावर आम्ही लिहिलं, विषय सोडून.

स्पर्धेच्या वह्यांवर नावं नसतात, फक्त क्रमांक असतो. त्यामुळे तिला शोधून शेरा बदलण्याची सोय नाही. म्हणून तो इथं, आपल्यासमोर, मागं घेतो.