कर्जाची वही कोणाच्या हाती?

दिवाळी आली की घराघरांत करंज्यांचा वास दरवळू लागतो, तसा पूर्वी बाजारपेठेत नव्या वह्यांचा वास दरवळत असे. लाल कापडी बांधणीची लांबट वही, पहिल्या पानावर कुंकवाचे स्वस्तिक, वर 'श्री' आणि समोर तेवणारी समई! लक्ष्मीपूजनाच्या रात्री पेढीवर या वहीची पूजा होई. आता पुष्कळशा वह्या संगणकाच्या पोटात गेल्या, तरी पूजा काही ठिकाणी अजून होते. या वहीत ज्याचे नाव 'येणे' या सदरात लिहिले जाते, त्याला तिच्याविषयी काय वाटत असेल, याचा विचार मात्र पूजेच्या गर्दीत सहसा कोणी करीत नाही.

तो विचार करावयास लावणारी एक घटना आपल्याच मुलखात घडून गेली आहे. पुणे जिल्ह्यातील सुपे या गावी १२ मे १८७५ रोजी आठवड्याचा बाजार भरला होता. आसपासच्या खेड्यांतून आलेले शेतकरी एकाएकी सावकारांच्या घरांवर आणि दुकानांवर चालून गेले. लूट झाली, जाळपोळही झाली. परंतु जमावाने मुख्यतः मागितले ते कागद! कर्जरोखे, गहाणखते, खातेवह्या. जो सावकार ते मुकाट्याने काढून देई, त्याला बहुधा धक्का लागत नसे. कागदांची चौकात होळी होई आणि लोक आपापल्या वाटेने परतत. पुढच्या काही आठवड्यांत हे लोण पुणे आणि नगर जिल्ह्यांतील अनेक गावांत पोहोचले. इतिहासात ही घटना 'दख्खनचे दंगे' या नावाने नोंदलेली आहे.

हा प्रसंग शाळेच्या पुस्तकात वाचून आपण पुढे जातो. माझ्या मनात मात्र तो रुतून बसला तो एका प्रश्नामुळे. पैसे सोडून माणसे कागदच का जाळतात? उत्तर शोधू गेलो तेव्हा घर गहाण टाकून कर्ज काढणाऱ्या आजच्या सुशिक्षित कुटुंबाच्या उंबरठ्याशी येऊन पोहोचलो. ती वाट वाचकांबरोबर पुन्हा एकदा चालून पाहावी, एवढाच या लेखाचा हेतू.

आपल्या जुन्या धर्मशास्त्राने व्याजाला एक लगाम घातला होता. त्याचे नाव दामदुपट. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात हा नियम सापडतो. एका वेळी वसूल करावयाचे थकलेले व्याज मुद्दलापेक्षा अधिक होता कामा नये, असा त्याचा अर्थ. शंभर रुपये दिले असतील तर कितीही वर्षे लोटली, तरी मुद्दल आणि व्याज मिळून दोनशेच्या वर दावा करता येणार नाही. इंग्रजी अमदानीत १८५५ साली व्याजदरावरील मर्यादा कायद्याने उठली. तरी मुंबई इलाख्यातील न्यायालये हिंदू ऋणकोच्या बाबतीत दामदुपट मानीत राहिली.

मग कुळे बुडाली कशी? येथे गणिताची गंमत आहे, आणि ती जीवघेणी आहे. १८५९ सालच्या मुदतीच्या कायद्याने कर्जरोख्याची मुदत तीन वर्षे ठरविली. हेतू चांगला होता: जुनेपुराणे दावे उकरून कुळाला छळू नये. सावकाराने त्यावर सोपा उपाय काढला. दर तीन वर्षांनी जुना रोखा फाडायचा आणि थकलेले व्याज मुद्दलात घालून नवा लिहून घ्यायचा. समजा, कर्ज शंभर रुपयांचे आणि व्याज दरमहा शेकडा दोन. तीन वर्षांचे व्याज झाले ७२. हे शंभरापेक्षा कमी, तेव्हा दामदुपटीचा नियम जागाच होत नाही. नवा रोखा १७२ रुपयांचा. आणखी तीन वर्षांनी तो सुमारे २९६ चा, नवव्या वर्षी ५०९ चा आणि बाराव्या वर्षी ८७५ चा! शास्त्रही मोडले नाही, कायदाही मोडला नाही. मोडले ते कुळ. दंग्यांनंतर सरकारने चौकशी आयोग नेमला. त्याने तपासलेल्या एका प्रकरणात तर शंभर रुपयांच्या कर्जावर दोन हजारांहून अधिक व्याज लावलेले आढळले.

यात आणखी दोन गोष्टींची भर पडली. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध चालू होते. तेथला कापूस विलायतेला मिळेना, म्हणून आपल्या कापसाला सोन्याचा भाव आला. सावकार सढळ हाताने कर्ज देऊ लागले आणि शेतकरी घेऊ लागले. युद्ध संपले, भाव उतरले, सावकारांनी हात आखडला. त्यातच फेरपाहणीत सारा वाढला. चांगल्या दिवसांच्या हिशेबाने काढलेले कर्ज वाईट दिवसांत फेडण्याची पाळी आली. दुसरी गोष्ट म्हणजे कागद कुळाला वाचता येत नसे. सहीच्या जागी पुरुषाची निशाणी नांगर, बाईची निशाणी बांगडी. वही सावकाराची, लेखणी सावकाराची, आणि भरल्या रकमेची पावती मिळेलच याची शाश्वती नाही. आपण किती घेतले, किती फेडले आणि किती उरले, या तीन प्रश्नांची उत्तरे फक्त समोरच्याच्या वहीत होती. सुप्याच्या बाजारात कागदच का पेटले, ते येथे कळते.

सरकारनेही ते ओळखले. १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा झाला. तो पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांना लागू केला. रोख्यावर लिहिलेला आकडा म्हणजे वेदवाक्य न समजता न्यायाधीशाने व्यवहाराच्या मुळाशी जावे, मुद्दलाचा आणि व्याजाचा हिशेब वेगळा मांडावा, मुद्दलात घुसविलेले व्याज बाहेर काढावे, फेडीला हप्ते बांधून द्यावेत. आणि सावकाराने कुळाला पावती, सालअखेरचा हिशेब व मागेल त्याला खातेपुस्तक द्यावे, अशी त्यात तरतूद होती. कर्जापायी तुरुंगात टाकण्याची प्रथाही त्याच कायद्याने शेतकऱ्यांपुरती बंद झाली. सावकारांनी मग गहाणखताऐवजी सरळ खरेदीखत लिहून घ्यावयास सुरुवात केली, तेव्हा पुढे कायदा दुरुस्त करावा लागला. तरी एक मोठी गोष्ट मान्य झाली: कर्ज घेणाराला हिशेब कळण्याचा हक्क आहे.

आता शंभर वर्षे पुढे येऊ. शहरातल्या पांढरपेशाला स्वतःचे घर म्हणजे निवृत्तीनंतरचे स्वप्न होते. आयुष्य चाळीच्या दोन खोल्यांत काढायचे आणि भविष्यनिर्वाह निधीचे पैसे हाती आले म्हणजे कोठे तरी ब्लॉक पाहायचा. १९७७ साली मुंबईत हसमुखभाई पारेख यांच्या पुढाकाराने एचडीएफसी ही गृहकर्ज देणारी संस्था निघाली आणि १९८८ साली राष्ट्रीय आवास बँक स्थापन झाली. मग हळूहळू मासिक हप्ता हा शब्द घराघरांत आला. उतारवयात मिळणारे घर तरुणपणी मिळू लागले. ही लहान गोष्ट नव्हे, आणि तिचे श्रेय नाकारण्याचे कारण नाही. त्या काळी नजरगहाण, ताबेगहाण असे प्रकार असत. आता बहुधा घराचे मूळ कागद बँकेत ठेवून गहाण होते. आपण घरात राहतो आणि कागद बँकेत राहतात.

माझ्या एका भाचीने आणि तिच्या यजमानांनी असेच घर पाहिले. दोघेही शिकलेली, मिळवती. ती कागद घेऊन आली आणि म्हणाली, "मामा, दहा लाखांचे कर्ज, नऊ टक्के व्याज, वीस वर्षे. हप्ता नऊ हजारांच्या आतच आहे. फार नाही ना?"

मी म्हटले, "हप्ता फार नाही. पण कर्ज किती आहे?"

"सांगितले ना, दहा लाख!"

आम्ही पेन्सिल घेऊन बसलो. हप्ता रुपये ८,९९७. असे २४० हप्ते म्हणजे एकूण २१ लाख ५९ हजार. म्हणजे व्याजच साडेअकरा लाखांच्या वर! पहिल्या महिन्याच्या हप्त्यातले ७,५०० रुपये व्याजात गेले, मुद्दलातून फिटले सुमारे दीड हजार. पाच वर्षे इमानेइतबारे हप्ते भरले, जवळजवळ ५ लाख ४० हजार रुपये दिले, तरी मुद्दल शिल्लक ८ लाख ८७ हजार. निम्मे मुद्दल फिटायला चौदा वर्षे लागतात. भाचीची धाकटी मुलगी तेव्हा पाळण्यात होती. ती आठवी-नववीत जाईल तेव्हा घर निम्मे मोकळे होईल.

यात कोणी फसविलेले नाही, हे स्पष्ट सांगितले पाहिजे. व्याज महिन्याच्या महिन्याला घेतले जाते, म्हणून दामदुपटीचाही भंग होत नाही. सुरुवातीला मुद्दल मोठे असते, म्हणून व्याज मोठे असते. इतका हा सरळ व्यवहार. परंतु आपण घराची किंमत विचारतो, हप्ता विचारतो, आणि मुदतीची किंमत विचारायला विसरतो. हेच कर्ज पंधरा वर्षांत फेडले तर हप्ता १०,१४३ होतो. महिन्याला जेमतेम साडेअकराशे रुपये जास्त, पण एकूण बचत ३ लाख ३३ हजारांची. उलट तीस वर्षे घेतली तर हप्ता ८,०४६ वर उतरतो आणि व्याज १८ लाख ९६ हजारांवर चढते. हप्त्यात साडेनऊशे रुपयांची सवलत मिळते आणि तिच्यासाठी सात लाख सदतीस हजार मोजावे लागतात!

आणि जुना रोखा नव्या वेषात येतो तो येथेच. मे २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेचा रेपो दर चार टक्के होता, तो वाढत वाढत फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा टक्क्यांवर गेला. बदलत्या दराची गृहकर्जेही त्यामागोमाग महागली. पुष्कळ ठिकाणी हप्ता तोच राहिला आणि मुदत लांबली. घरातल्या कोणाला काही जाणवले नाही, कारण पगारातून जाणारी रक्कम तीच होती. पण गणित पाहा: सात टक्क्यांनी वीस वर्षांकरिता नुकत्याच घेतलेल्या दहा लाखांचा हप्ता ७,७५३ रुपये. दर साडेनऊ टक्के झाला तर महिन्याचे नुसते व्याज ७,९१७ रुपये! हप्ता भरूनही व्याज पुरे फिटत नाही, आणि उरलेले मुद्दलात मिसळते. तीन वर्षांनी नवा होणारा तो रोखा आठवतो ना? हा धोका ओळखूनच रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये नियम केला: दर बदलला तर कर्जदाराला कळवावे, हप्ता वाढवावा की मुदत, हे त्याला निवडू द्यावे, आणि मुदत वाढविताना कर्ज फुगता कामा नये. १ ऑक्टोबर २०२४ पासून कर्जाची सारी मुख्य माहिती आणि एकूण खर्चाचा वार्षिक दर एका सोप्या पत्रकात देणेही आवश्यक झाले आहे. १८७९ सालच्या त्या पावत्यांचे आणि खातेपुस्तकांचे हे नातवंडच म्हणायचे.

आता दुसरी बाजूही पाहू. नाहीतर ऐन दिवाळीत मी वाचकांना भिववितो आहे, असे व्हायचे. कर्जाने घेतलेल्या घरात भाडे वाचते. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा वजनदार नसतो. पगार वाढतो आणि तोच हप्ता हलका वाटू लागतो. बायकामुलांना हक्काचे छप्पर मिळते, त्याचे मोल कोणत्या कोष्टकात बसवणार? पण हिशेबाच्या दुसऱ्या पारड्यातही कोष्टकाबाहेरचे काही असते. नोकरीत अपमान झाला तरी राजीनामा खिशातच राहतो. आईच्या आजारपणात रजा घ्यावी की नाही, याचा विचार हप्त्याच्या तारखेशी येऊन थांबतो. कर्ज फक्त पैसा मागत नाही, ते पुढची वर्षेही आज लिहून घेते. म्हणून ती किती वर्षे, हे सहीपूर्वी ठाऊक असावे.

भाचीने घर घेतले. मुदत वीस वर्षांचीच ठेवली, कारण संसार ओढाताणीत चालवू नये, हेही खरेच. परंतु दरवर्षी दिवाळीचा बोनस आला की त्यातून एक जादा हप्ता मुद्दलात भरायचा, असे दोघांनी ठरविले. दर नऊ टक्केच राहिला, तर एवढ्याने कर्ज सुमारे साडेतीन वर्षे आधी संपते. बदलत्या दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराकडून मुदतपूर्व फेडीचा दंड घेण्यास २०१२ सालापासून बंदी आहे, तेव्हा ती वाट मोकळी आहे. 'ऋण काढून सण' ही आपल्याकडची जुनी म्हण. सणाच्या पैशातून ऋण फेडण्याची ही तऱ्हा मला तिच्यापेक्षा बरी वाटली.

सुप्याच्या शेतकऱ्याला वही वाचता येत नव्हती, म्हणून त्याने ती जाळली. आपल्याला वाचता येते. पण साठ पानी करारावर आपण पानामागून पान सह्या करीत जातो, तेव्हा आपली सही आणि त्याची नांगराची निशाणी यांत फारसा फरक उरत नाही. वाचकहो, यंदा लक्ष्मीपूजनाच्या दिवशी पाटावर दागिन्यांच्या शेजारी कर्जाचा उतारा ठेवावा. हळदकुंकू वाहावे आणि पूजा आटोपल्यावर घरातल्या साऱ्यांनी मिळून तो एकदा नीट वाचावा. मुद्दल किती, व्याज किती, वर्षे किती उरली, हे घरातल्या शाळकरी मुलालाही कळू द्यावे. त्याला बेरीज-वजाबाकीचा धडा मिळेल आणि आपल्याला आपल्या घराची खरी किंमत कळेल.