होन्नोजीची लढाई

क्योटो शहरांत नाट्यगृह चालविणाऱ्या माकिनो शोझो यानें १९०८ सालीं आपल्याच रंगभूमीवरील नट घेऊन 'होन्नोजी कास्सेन', म्हणजे होन्नोजीची लढाई, हा मूकपट तयार केला. जपानी ऐतिहासिक चित्रपटांचा आरंभ येथून मानण्याची वहिवाट आहे. मूळ प्रसंग १५८२ सालचा. जपानचा बराच मोठा भाग जिंकून बसलेला ओदा नोबुनागा मोजक्या लोकांनिशीं होन्नोजी मंदिरांत उतरला असतां त्याचाच सेनानी आकेची मित्सुहिदे फौजेसह चालून आला. मंदिर पेटलें, नोबुनागानें आत्मघात केला, प्रेतही सांपडलें नाहीं. अकरा दिवसांत मित्सुहिदेचाही यामाझाकी येथें पाडाव झाला. नाटक्यास याहून अधिक काय हवें?

आम्हांस मात्र कथानकापेक्षां चित्रणाची जागा अधिक बोलकी वाटते. तें झालें शिन्न्योदो मंदिराच्या आवारांत. हें मंदिर स्वतःच ओनिन युद्धांत, १४६७ सालीं सुरू झालेल्या सरदारांच्या यादवींत, उद्ध्वस्त झालें होतें. मंदिराच्या १५२४ सालच्या चित्रांच्या गुंडाळीवर ती लूट रंगविलेली आहे: पायदळाचे सामान्य शिपाई मंदिराच्या फळ्या उचकटून नेत आहेत. तलवारबहाद्दर नायक तेथें कोणीच नाहीं. यादवीचें हें रूप आम्हांस अधिक खरें वाटतें.

माकिनोच्या घरची हकीकतही याच मासल्याची. १८६८-६९ च्या बोशिन युद्धांत, सामुराई राजवटीच्या शेवटच्या यादवींत, त्याचे वडील यामागुनी या डोंगरी मुलुखांतील शेतकऱ्यांच्या पथकाचे म्होरके होते. हें पथक बंदुका घेऊन बादशहाच्या बाजूनें लढलें. तरी मुलानें पहिल्या चित्रासाठीं तीनशेंहून अधिक वर्षांपूर्वींचें युद्ध निवडलें! धंद्याच्या दृष्टीनें तें योग्यच होतें. काबुकी नटांचे हात तलवारीस सरावलेले, कथा प्रेक्षकांस तोंडपाठ. आणि उरलेली कसर पडद्याशेजारीं उभा राहून पात्रांचीं भाषणें म्हणणारा बेन्शी, आमच्या कथेकऱ्याचाच भाऊबंद, भरून काढी. सरकारनें १८७६ सालीं सामुराईंच्या कमरेची तलवार उतरविली होती. ओनोए मात्सुनोसुके या नटाकडून माकिनोनें ती पुढें शेंकडों मूकपटांत पुन्हां उपसविली.

वडिलांच्या पथकाची आठवण वेगळ्याच वाटेनें टिकली. क्योटोच्या जिदाई उत्सवांत दरवर्षीं २२ ऑक्टोबरला निघणाऱ्या मिरवणुकीच्या अग्रभागीं, यामागुनीच्या धर्तीवर पांवे आणि ढोल वाजवीत, बंदुकवाले शिपाई चालतात.