एकचक्रेचा नीतिप्रश्न

अनेकांचे प्राण वाचावेत म्हणून एकाचा बळी द्यावा काय, या नैतिक पेचाचे महाभारतातील एक रूप. आदिपर्वातील बकवधाच्या कथेत ते आले आहे. या कथेतील एकचक्रा नगरी म्हणजे जळगाव जिल्ह्यातील अंजनी नदीकाठचे एरंडोल होय, अशी खानदेशात परंपरागत समजूत आहे. एरंडोल येथील एक जुनी वास्तू पांडववाडा या नावाने ओळखली जाते. तसेच तेथून जवळच असलेल्या पद्मालय या गणेशस्थानालगतच्या रानातील भीमकुंड हे बकासुराच्या वधाचे स्थळ म्हणून दाखविले जाते. एकचक्रा असल्याचा मान बिहारमधील आरा व पश्चिम बंगालमधील बीरभूम जिल्ह्यातील एका स्थळासही परंपरेने दिला जातो. त्यामुळे एरंडोलची परंपरा ऐतिहासिक पुरावा म्हणून नव्हे, तर लोकस्मृती म्हणूनच विचारात घ्यावी लागते. विसाव्या शतकात याच खानदेशात हा प्रश्न दोन वेगळ्या प्रसंगी पुन्हा उपस्थित झाला.

कथेचे स्वरूप : लाक्षागृहातून निसटलेले पांडव कुंतीसह एकचक्रेत एका ब्राह्मणाच्या घरी गुप्तपणे राहत होते. नगराजवळ बक नावाचा राक्षस राहत असे. तो परचक्रापासून त्या प्रदेशाचे रक्षण करी आणि मोबदल्यात गाडाभर भात, दोन रेडे व ते घेऊन येणारा माणूस एवढे भक्ष्य घेई. हा कर प्रत्येक घराने पाळीपाळीने भरावयाचा असे. पाळी चुकविणाऱ्यास बक बायकामुलांसह मारून खाई. बऱ्याच वर्षांनी ती पाळी पांडवांच्या यजमानावर आली.

वरवर पाहता ही व्यवस्था हिशेबाला धरून आहे. एकाच्या मोलाने साऱ्या नगराचे संरक्षण होते आणि पाळी ठरलेली असल्याने भार सर्वांवर सारखा पडतो. महाभारतकाराने मात्र ब्राह्मणाच्या तोंडी दोन तपशील घालून या समतेतील उणीव दाखविली आहे. पहिला असा, की माणूस विकत घेऊन पाठविण्याइतके द्रव्य आपल्याजवळ नाही, असे तो म्हणतो. म्हणजे ज्याच्यापाशी द्रव्य असेल, त्याला आपल्या पाळीस परक्याचा जीव देता येत होता. नावाला सर्वांची असलेली पाळी प्रत्यक्षात निर्धनाच्याच घरी थांबत होती. दुसरा तपशील राजाविषयीचा आहे. या प्रदेशाला राजा आहे. परंतु तो दुर्बल असून प्रजेच्या संरक्षणाचा उपाय करीत नाही. राजाचे कर्तव्य जेथे संपले, तेथे बकाचा करार सुरू झाला.

कुटुंबातील संवाद : यानंतर ब्राह्मणाच्या घरी जो संवाद होतो, त्यात हाच प्रश्न कुटुंबाच्या पातळीवर येतो. पत्नी, कन्या वा पुत्र यांपैकी कोणालाही देण्यास ब्राह्मण तयार नाही; आणि आपण गेलो तर मागे राहणारे निराधार होऊन मरतील, हेही त्याला दिसते. पत्नी म्हणते, की अपत्ये देऊन माझे कर्तव्य पूर्ण झाले आहे, तेव्हा मीच जावे. कन्येचा युक्तिवाद अधिक बोचरा आहे : मुलीला कधी तरी परक्या घरी द्यावेच लागते, मग आजच देऊन तिच्या एकटीच्या मोलाने सर्वांना वाचवावे. लहानगा मुलगा हातात गवताची काडी घेऊन, हिने मी राक्षसाला मारीन, असे बोबड्या बोलात सांगतो. या संवादात प्रत्येक जण स्वतःला देऊ करतो, दुसऱ्याला पुढे करीत नाही. स्वेच्छेने केलेला त्याग आणि लादलेला बळी यांतील भेद येथे कथानकातूनच स्पष्ट होतो.

कुंती हा विलाप ऐकते आणि आपल्या पाच पुत्रांपैकी एकाला पाठविण्याचे वचन देते. अतिथीचा जीव देऊन स्वतः वाचणे हे पाप होय, असे म्हणून ब्राह्मण प्रथम नकार देतो. पुढे युधिष्ठिरही आईला दोष देतो : दुसऱ्याच्या मुलासाठी स्वतःच्या मुलाला संकटात घालणे कोणत्या नीतीत बसते? आश्रयदात्याच्या उपकाराची फेड आणि भीमाच्या सामर्थ्याची पारख ही आपली दोन कारणे कुंती सांगते. तिच्या लेखी भीम हा बळी नसून बकाचा करार मोडण्याचे साधन आहे. भीम गाडा घेऊन जातो, त्यातील अन्न स्वतःच खातो आणि बकाला ठार करतो. कोणाला द्यावे, या प्रश्नाचे उत्तर कथेत मिळत नाही. देण्याची अटच नाहीशी केली जाते.

विदुराचा दंडक : महाभारतात याच विषयावर एक निराळा दंडकही आढळतो. दुर्योधनाच्या जन्माच्या वेळी आणि पुढे द्यूतप्रसंगी विदुर धृतराष्ट्राला सांगतो, की कुळासाठी एकाचा, गावासाठी कुळाचा व देशासाठी गावाचा त्याग करावा. पुढे पंचतंत्रादी नीतिग्रंथांतही हा विचार आला आहे. बहुसंख्यांच्या हिताचा सिद्धांत म्हणून तो पुष्कळदा सांगितला जातो. परंतु त्याच्या दोन मर्यादा सहसा नजरेआड होतात. एक म्हणजे, विदुर ज्याचा त्याग सुचवितो तो दुर्योधन स्वतःच संकटाचे कारण होता. एकचक्रेतील ब्राह्मण निरपराध होता. दुसरी अशी, की आत्म्यासाठी पृथ्वीचाही त्याग करावा, ही या दंडकाची शेवटची पायरी आहे. संख्येने चढत गेलेला हिशेब तेथे उलटा होतो.

पाश्चात्त्य तत्त्वज्ञानात या पेचाची आधुनिक चर्चा फिलिपा फूट या ब्रिटिश विदुषीच्या १९६७ मधील लेखापासून विशेष वाढली. ताबा सुटलेली ट्राम पाच जणांवरून न नेता एकावर वळवावी काय, हे त्यातील उदाहरण प्रसिद्ध आहे. दंगलखोर जमाव शांत व्हावा म्हणून न्यायाधीशाने निरपराध माणसास फाशी द्यावे काय, असे दुसरे उदाहरणही त्याच लेखात आहे. पहिल्यात संकट निर्जीव यंत्राचे आहे; दुसऱ्यात मागणी करणारा कोणी तरी आहे. बकाची कथा या दुसऱ्या प्रकारात मोडते.

धुळे तुरुंगातील विवेचन : सविनय कायदेभंगाच्या काळात विनोबा भावे यांनी धुळे येथील तुरुंगात २१ फेब्रुवारी ते १९ जून १९३२ या काळात गीतेवर अठरा प्रवचने दिली. पूर्वी अमळनेरला शिक्षक असलेल्या साने गुरुजींनी ती उतरून घेतली. पहिल्याच प्रवचनात विनोबांनी एका न्यायाधीशाचा दाखला दिला आहे. अनेकांना फाशी देणाऱ्या या न्यायाधीशासमोर स्वतःचा मुलगा अपराधी म्हणून उभा राहताच त्याला देहदंडाची शिक्षा अमानुष वाटू लागते. अर्जुनाचा विषाद अहिंसेतून नव्हे, तर स्वजनासक्तीतून आला होता, हे विनोबांना दाखवावयाचे होते. एकचक्रेच्या प्रश्नालाही ही कसोटी लागू पडते. जो हिशेब परक्याच्या घराबाबत मान्य होतो, तो आपल्या घराबाबत मान्य होत नसेल, तर त्यामागे तत्त्व नसून अंतर असते.

नर्मदाकाठची गावे : देशासाठी गावाचा त्याग, ही विदुराच्या दंडकातील पायरी खानदेशात सरदार सरोवर प्रकल्पाच्या रूपाने प्रत्यक्षात आली. नर्मदा जलविवाद न्यायाधिकरणाचा निवाडा १९७९ मध्ये झाला. गुजरात व राजस्थानला पाणी आणि मध्य प्रदेश, महाराष्ट्र व गुजरात यांना वीज, असा लाभ त्यात ठरला; महाराष्ट्राचा वीजेतील वाटा २७ टक्के होता. अक्कलकुवा व अक्राणी तालुक्यांतील ३३ गावे बुडिताखाली येणार होती. ही गावे त्या वेळी धुळे जिल्ह्यात होती व १९९८ पासून ती नंदुरबार जिल्ह्यात आहेत. तेथील रहिवासी मुख्यतः भिल्ल व पावरा आदिवासी आहेत. पाव हिश्श्याहून अधिक जमीन गमावणाऱ्या कुटुंबास किमान दोन हेक्टर सिंचनयोग्य जमीन द्यावी, अशी निवाड्यात तरतूद होती. तथापि पिढ्यान्‌पिढ्या वनजमीन कसणाऱ्यांच्या नावे सरकारी कागदावर पुष्कळदा जमीनच नव्हती. मणिबेली हे गाव या प्रश्नावरील आंदोलनाचे एक केंद्र बनले. सर्वोच्च न्यायालयाने १८ ऑक्टोबर २००० रोजी बहुमताने प्रकल्पास अनुमती देताना पुनर्वसनाची अट घातली, न्या. भरूचा यांनी भिन्नमत नोंदविले.

प्रकल्पाच्या समर्थकांनी तहानलेल्या लाखो लोकांकडे बोट दाखविले आणि तो युक्तिवाद पोकळ नव्हता. विरोधकांनी विचारलेले प्रश्न मात्र एकचक्रेतील ब्राह्मणाच्या प्रश्नांशी जुळतात : पाळी याच घरी का आली, करार करताना या घराला कोणी विचारले होते काय, आणि ज्यांना लाभ झाला त्यांनी आपल्या वाट्याचे काय दिले? धरण आणि राक्षस यांची तुलना येथे अभिप्रेत नाही. अनेकांच्या हितासाठी थोड्यांना झीज सोसावी लागते, असे प्रसंग समाजजीवनात टळत नाहीत. परंतु त्या वेळी केवळ डोकी मोजून निर्णय न्याय्य ठरत नाही. झीज सोसणाऱ्याची संमती, भाराची खरी समान वाटणी, भरपाईची पूर्तता आणि अन्य मार्गाचा प्रामाणिक शोध या चार गोष्टींची तपासणी त्याआधी व्हावी लागते. एकचक्रेच्या नगरवासीयांनी यांपैकी शेवटची गोष्ट अनेक वर्षे केली नव्हती.